बायांचं राबणं, कॅमेऱ्याचं गप्प राहणं

इटलीतल्या सार्डिनिया बेटावरचं ओर्गोसोलो हे डोंगरातलं गाव. बाप्ये मेंढरांमागं रानोमाळ, घरी बाया. वित्तोरिओ द सेतानं १९५८ साली ‘बार्बाज्यातला एक दिवस’ या लघुपटात त्यांचं राबणं टिपलं. लाकूडफाटा, रोट्या, पोरं. निवेदक नाही, उसनी हळहळ नाही. वस्तीत येऊन च्‌ च्‌ करणाऱ्या पांढरपेशांनी हे शिकावंच.

पण मित्रांनो, रान कुणाचं, कर्ज कुणाचं? इथं कॅमेरा गप्प. कष्ट नुसते देखणे दिसतात. १९६१ साली त्याच द सेतानं ‘ओर्गोसोलोचे दरोडेखोर’ काढला. खोट्या आळापायी पळणारा मेंढपाळ कर्जाची मेंढरं गमावतो, अन् दुसऱ्या गरिबाचीच चोरतो. तिथं दारिद्र्याचं कारण बोललं.

आता कॅमेरा आपल्याही हातात आहे. आईच्या हाताचे घट्टे जरूर दाखवा. ते कुणापायी पडले, तेही दाखवा.