‘सावकारी पाशा’चा कथाकार

मूकपटाची स्तुति करतांना रसिक दिग्दर्शकाचें नांव घेतात. कथाकार मात्र पडद्याआडच राहतो. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या ‘सावकारी पाश’ (१९२५) ह्या चित्राचें श्रेय बाबूराव पेंटरांस मिळालें, तें यथार्थच आहे. परंतु देवदेवतांच्या गर्दींत कर्जबाजारी शेतकरी आणला तो नारायण हरि आपटे यांच्या कथेनें. संवादाचा आधार नसल्यामुळें मूकपटांत कथेची बांधणी हीच लेखकाची वाणी. व्ही. शांताराम यांनीं रंगविलेला, जमीन गमावून शहरांत गिरणीमजूर झालेला शेतकरी ह्या बांधणीवरच उभा आहे. पुढें ‘कुंकू’ (१९३७) ह्या बोलपटासहि आपट्यांच्याच कादंबरीचा आधार मिळाला.

तथापि एक उणीव आम्हांस सलते. येथें अनर्थाचें मूळ सावकाराच्या खोट्या दस्तऐवजांत आहे. आमच्या पालघरच्या शेजारीं, डहाणू-उंबरगांवकडे, लग्नासाठीं काढलेल्या कर्जापायीं वारली ‘लग्नगडी’ होऊन आयुष्यभर राबले. तेथें खोट्या कागदाची गरजच नव्हती. १९४५ सालीं ते उठले, ते एका दुष्टाविरुद्ध नव्हे, वेठीच्या साऱ्या व्यवस्थेविरुद्ध. आपट्यांनीं पाश दाखविला. तो विणणारा हात मात्र एकाच माणसाचा मानला. तरीहि त्या काळीं तो पडद्यावर आणण्यास धैर्य लागलें, हें विसरतां कामा नये.