वृंदगायनातील विविधता : यवतमाळच्या संदर्भात एक विचार

वृंदगायनातील विविधता सामान्यतः गीतांच्या संख्येवरून व भाषांवरून मोजली जाते. हे मोजमाप अपुरे होय. खरी विविधता आवाजांच्या परस्परसंबंधांत शोधावयास हवी.

व्हिक्टर परंज्योती यांनी मुंबईत १९५६ मध्ये स्थापिलेला आणि १९६७ पासून कुमी वाडिया यांच्या संचालनाखाली वाढलेला वृंद युरोपीय रचनांबरोबर भारतीय रचनाही गात आला. स्त्रियांचे व पुरुषांचे उंच आणि खालचे आवाज तेथे एकाच वेळी निरनिराळ्या स्वरपंक्ती चालवितात. रचना बदलली की आवाजांची वाटणीही बदलते.

वऱ्हाडातील सामुदायिक गायनाचे तत्त्व निराळे आहे. तुकडोजी महाराजांनी १९३५ मध्ये मोझरी येथे गुरुकुंज आश्रम स्थापिला. त्यांची मराठी व हिंदी भजने आणि सामुदायिक प्रार्थना यवतमाळ जिल्ह्यातील गावोगावीही रुजली. मुख्य गायकाने चरण म्हणावा, खंजिरीच्या ठेक्यावर झीलकऱ्यांनी ध्रुपद उचलावे, अशी ही रीत. तीत स्वरसंवाद नाही, ही उणीव मानणे चुकीचे ठरेल. शब्द प्रत्येकाच्या कानी पडावा आणि अशिक्षित कंठालाही सामील होता यावे, हा तिचा हेतू. तो एकस्वरी गायनानेच साधतो.

मात्र मंडळी व्यासपीठावर आली की या रीतीची मर्यादा प्रकट होते. अभंग, हिंदी भजन व देशभक्तिपर गीत एकाच साच्यातून निघतात. शब्द पालटतात, नाद तोच राहतो. याच जिल्ह्यातील बंजारा तांड्यांवर होळीच्या सुमारास गायिली जाणारी लेंगी डफाशी व नाचणाऱ्या पावलांशी बांधलेली असते. कोलामांची गाणी तर कोलामी या द्राविडी भाषेतील. त्यांचे उच्चार व आघात मराठीहून भिन्न. अशी गीते पेटीच्या सुरावर बसवून रांगेत उभ्याने म्हटल्यास यादी वाढते, परंतु गीताचा प्राण हरपतो. ज्या समाजाचे ते गीत, त्यालाही ते परके वाटू लागते.

म्हणून यवतमाळसारख्या बहुभाषिक जिल्ह्यातील वृंदाने मुंबईचा चतुःस्वरी आदर्श जसाच्या तसा उचलण्याचे कारण नाही. त्यापासून घ्यावयाचा बोध एवढाच, की प्रत्येक गीताने वृंदाची रचना बदलावयास हवी. लेंगीसाठी फेर, भजनासाठी झील, प्रार्थनेसाठी एकस्वर, एवढे जो वृंद सांभाळील, त्याचीच विविधता कसोटीस उतरेल.