‘कोमल’ आणि गुदगुल्यांचा प्रश्न

पिंपळगाव बसवंतच्या एका शाळेत चौथीच्या वर्गाला ‘कोमल’ दाखवला, तेव्हा मी मागच्या बाकावर होतो. चाइल्डलाइनसाठी केलेल्या या छोट्या ॲनिमेशनपटाला २०१४ सालचा शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला आहे. सात वर्षांची कोमल, शेजारी राहायला आलेले वडिलांचे मित्र बक्षी, आणि त्यांनी केलेला विश्वासघात, एवढीच गोष्ट.

अपराधी ओळखीचा दाखवला, हे चित्रपटाचे खरे बळ. केंद्रीय महिला व बालविकास मंत्रालयाने २००७ साली तेरा राज्यांतील १२,४४७ मुलांची पाहणी प्रसिद्ध केली. तीत लैंगिक छळ करणारे सुमारे निम्मे लोक परिचित किंवा विश्वासातले निघाले. छळ झाल्याचे सांगणाऱ्यांत मुलगे निम्म्याहून किंचित अधिक होते. चित्रपटात मात्र मुलगीच आहे, त्यामुळे ‘हे मुलींसाठी’ म्हणून मुलग्यांना मैदानावर पिटाळलेलेही मी पाहिले आहे. यात चित्रपटापेक्षा आपलाच दोष अधिक.

चित्रपट संपल्यावर बाईंनी फळ्यावर ‘गुड टच’ आणि ‘बॅड टच’ असे दोन रकाने आखले. एका मुलाने विचारले, “बाई, मामा गुदगुल्या करतो, ते कुठल्यात?” वर्ग हसला. बाई अडखळल्या.

प्रश्न अचूक होता. सेकंदाला साधारण १ ते १० सेंटिमीटर वेगाने हळुवार हात फिरला, की त्वचेतले काही चेतातंतू सर्वाधिक उद्दीपित होतात आणि सुखद वाटते. हात कोणाचा, हेतू काय, हे त्या तंतूंना ठाऊक नसते. उलट डॉक्टरांची सुई दुखते. गुदगुल्यांचे हसू तर आपोआप फुटते, त्याला संमती म्हणता येत नाही. ‘वाईट वाटले तर सांग’ एवढेच शिकलेले मूल, स्पर्श सुखद वाटला तर गप्प राहील आणि पुढे स्वतःलाच दोषी धरील.

म्हणून नियम संवेदनेवर न बेतता कृतीवर बेतावा. चड्डीखालच्या भागांना इतरांनी हात लावायचा तो स्वच्छतेसाठी किंवा उपचारासाठीच, आणि त्यात गुपित कसलेच नाही. ‘कोणाला सांगू नकोस’ असे कोणीही, अगदी घरच्यानेही म्हटले, तर दुसऱ्या मोठ्या माणसाला सांगायचे, किंवा १०९८ वर फोन करायचा. सांगायला शब्द हवेत. कोपर, गुडघा जसे शिकवतो तसेच शिश्न आणि योनी. ‘शूची जागा’ म्हणून भागत नाही.

‘कोमल’मध्ये मला उणीव वाटते ती घरातल्या रोजच्या सवयींची. इथे द्राक्षांच्या हंगामात आईबाप बागेत असतात आणि मूल दिवसभर नातेवाइकांकडे. ‘काकांना पापी दे’ असा आग्रह आपणच धरतो, मूल अंग चोरते तेव्हा आपणच हसतो. चित्रपट पालकांनाही दाखवावा आणि बोलणे इथून सुरू करावे.

त्या मुलाला विचारायला हवे होते, ‘थांब म्हटल्यावर मामा थांबतो का?’ वर्गासमोर नव्हे, नंतर, एकट्याला.