गिरणेकाठचा सुपरमॅन

भडगावाला वळसा घालून जाणारी गिरणा आधी मालेगाव पाहून येते. तरीही या शेजारगावाची आपली ओळख बहुतांशी वर्तमानपत्री: दंगली, आणि २००६ व २००८ सालचे बॉम्बस्फोट. फैजा अहमद खान यांच्या ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ (२००८) या अनुबोधपटात मात्र यंत्रमागांना शुक्रवारी सुट्टी मिळताच चित्रपटगृहाकडे धावणारी माणसे भेटतात.

‘मालेगाव के शोले’ काढणारे शेख नासिर आता सुपरमॅन घडवू निघाले आहेत. नायक शफिक हा यंत्रमागावरचा काटकुळा कामगार. खलनायकाला घाण आणि तंबाखूच्या पिचकाऱ्या प्रिय. सायकलीवरून कॅमेरा धावतो, बैलगाडी क्रेनचे काम करते. या खटाटोपाची टर उडवणे किती सोपे होते! फैजाबाईंनी तो मोह टाळला. आपण हसतो, परंतु नासिरही आपल्याबरोबर हसत असतात.

केवळ अवलोकन करणाऱ्या दिग्दर्शकांत अमेरिकेचे फ्रेडरिक वाइजमन यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. त्यांच्या पटांत निवेदन नाही, मुलाखतही नाही. फैजाबाई इतक्या कर्मठ नाहीत. त्या माणसांना बोलू देतात. लेखक फरोग जाफरी मुंबईच्या न सरणाऱ्या अंतराविषयी बोलतात, तेव्हा विनोदाच्या तळाशी साचलेले दुःख वर येते.

चित्रीकरण चालू असता नासिर यांचा कॅमेरा पाण्यात पडतो. काम थांबते. हा प्रसंग आपल्याला दिसतो तो दुसऱ्या, कोरड्या कॅमेऱ्यामुळे! येथे मी अस्वस्थ झालो. ज्याच्या हाती धड साधन आहे, त्याने दुसऱ्याची अडचण नुसती टिपत राहावे काय? पुष्कळ विचारान्ती वाटते, की त्या पुढे सरसावल्या असत्या तर सुपरमॅन त्यांचा झाला असता, मालेगावचा उरला नसता. नासिर कॅमेरा दुरुस्त करवून आणतात आणि पुन्हा उभे राहतात. तरी माझी अस्वस्थता पुरती गेलेली नाही, आणि ती जावी असा या पटाचा आग्रहही दिसत नाही.

एक उणीव मात्र खटकते. या गावातील स्त्रिया पडद्यावर फारच थोड्या येतात. दिग्दर्शिका स्वतः स्त्री असता घराचा उंबरठा अधिक वेळा ओलांडला जाईल, अशी अपेक्षा होती.

याच कथेवर रीमा कागती यांनी ‘सुपरबॉईज ऑफ मालेगाव’ (२०२४) हा कथापट काढला. तो देखणा आहे. त्यात अश्रू नेमक्या जागी येतात. अनुबोधपटाला पुढचे ठाऊक नव्हते. त्यात शफिकचे लग्न चित्रीकरणाच्या मध्येच येते आणि तो लाजत, घाईघाईने परततो. तंबाखूच्या खलनायकाशी झुंजणारा हा तरुण २०११ साली तोंडाच्या कर्करोगाने वारला. पुढच्या वर्षी हा अनुबोधपट चित्रपटगृहांत लागला, तेव्हा पडद्यावर तो हात पुढे करून उडतच होता.