पर्ल हार्बर : ‘आधीच माहीत होते’ या समजाची तपासणी

७ डिसेंबर १९४१ रोजी जपानच्या सुमारे ३५० विमानांनी हवाई बेटांवरील पर्ल हार्बर या अमेरिकी नौदल तळावर हल्ला केला. २,४०३ अमेरिकी माणसे मेली. हा विषय निघाला की वर्गात हमखास प्रश्न येतो, “सर, रूझवेल्टना हे आधीच माहीत होते ना?” या समजाला दोन आधार दिले जातात. ते तपासून पाहू.

१. ‘जपानची गुप्तलिपी फोडली होती.’ हे अर्धे खरे आहे. फोडलेली ‘पर्पल’ ही लिपी परराष्ट्र खात्याची होती. वाटाघाटी मोडणार हे त्यातून समजत होते. पण नौदल कोठे हल्ला करणार हे त्यात नव्हते. नौदलाची लिपी वेगळी होती आणि तिचे बहुतेक संदेश तेव्हा वाचता येत नव्हते.

२. ‘विमानवाहू नौका मुद्दाम हलवल्या.’ एंटरप्राइज वेक बेटावर विमाने पोहोचवून परतत होती. खराब हवामानामुळे तिला उशीर झाला, नाहीतर ती बंदरातच सापडली असती. लेक्सिंग्टन विमाने घेऊन मिडवेकडे निघाली होती. शिवाय त्या काळी आरमाराची खरी ताकद युद्धनौका मानल्या जात, आणि अशा आठ नौका बंदरात उभ्या होत्या.

मग ‘कोणालाच काही कळणे शक्य नव्हते’ असे म्हणावे का? तेही चूक. हल्ल्यापूर्वी ‘वॉर्ड’ या विनाशिकेने बंदराच्या तोंडाशी पाणबुडीवर मारा केल्याचे कळवले होते. सातच्या सुमारास ओपाना येथील रडारवर विमानांचा मोठा थवा दिसला. चालकांनी तो कळवलाही. पण कॅलिफोर्नियाहून आपलीच बी-१७ विमाने येणार होती. ती हीच असावीत, असे समजून अधिकाऱ्याने दुर्लक्ष केले.

म्हणजे उपकरण चुकले नाही; माहितीचा अर्थ लावणारी व्यवस्था चुकली. रॉबर्टा वोलस्टेटर यांनी १९६२ च्या ग्रंथात हेच मांडले : खरे संकेत गोंगाटात हरवले. नंतर मागे वळून पाहताना ते ठळक दिसतात, आणि तेथूनच कटाची कथा जन्म घेते.

कटाची कथा एक खलनायक देऊन आपली सुटका करते. अभियंत्याला ती सोय नाही. अपघातानंतर ‘कोणाला माहीत होते?’ एवढेच विचारून थांबू नका. ‘माहिती कोठे अडली?’ हेही विचारा. पुढचा अपघात त्या उत्तराने टळू शकतो.