उंबरठ्यावर अडवलेली फिर्याद

दलित साहित्याची समीक्षा करणारे आपण कथा, कविता, आत्मकथने बारकाईने तपासतो. निकालपत्रे मात्र वकिलांसाठी सोडून देतो. वास्तविक निकालपत्र हाही समाजाविषयीचा लेखी दस्तऐवज आहे. त्यात कोणाचा त्रास गृहीत धरला आणि कोणाच्या त्रासाला पुरावा मागितला, हे वाचलेच पाहिजे.

खाजगी फिर्याद आली की दंडाधिकारी फिर्यादीचा शपथेवर जबाब घेतो आणि पुढे जाण्यास पुरेसा आधार दिसला तर आरोपीवर समन्स किंवा वॉरंट काढतो. आरोपीला दोषी ठरवणारा हा हुकूम नव्हे. साक्ष पुढे व्हायची असते, उलटतपासणी पुढे व्हायची असते. तरीही या पहिल्याच हुकुमाला वरच्या न्यायालयात आव्हान देता येते. १९७३ च्या संहितेने अंतरिम हुकुमांविरुद्धचे पुनरीक्षण बंद केले होते. परंतु १९७७ साली अमरनाथ विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की आरोपीला बोलावण्याचा हुकूम केवळ अंतरिम नाही. त्याच वर्षी मधु लिमये विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकारही शाबूत असल्याचे सांगितले. कायदामंत्री अंतुले यांच्या बदनामीचा आरोप लिमये यांच्यावर होता. सत्तेवर टीका करणाऱ्याला हे दार उपयोगी पडले, हे विसरता कामा नये. उद्या आपल्या कार्यकर्त्यावर खोटी फिर्याद झाली तर त्यालाही हेच दार ठोठावावे लागेल. म्हणून ते बंद करा, असे आमचे म्हणणे नाही.

आमचा आक्षेप त्या दारात बसून काय तपासले जाते यावर आहे. कराडच्या शासकीय औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातील गोपनीय शेऱ्यांवरून सुरू झालेले महाजन प्रकरण घ्या. प्रश्न एका अधिकाऱ्यावरील कारवाई रद्द करण्याचा होता. २० मार्च २०१८ च्या निकालाने देशभरच्या अत्याचारग्रस्तांवर अटी लादल्या: आधी प्राथमिक चौकशी, अटकेपूर्वी वरिष्ठांची परवानगी. एका फिर्यादीची छाननी करताना साऱ्या समाजाच्या खरेपणावर संशय घेतला गेला. २ एप्रिलला लोक रस्त्यावर आले, संसदेने कलम १८-अ आणले आणि १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयानेच ते निर्देश मागे घेतले. रस्त्यावर कोणी आले नसते तर?

२०२० चा हितेश वर्मा निकाल पाहा. शिवीगाळ घराच्या चार भिंतींत झाली, बाहेरचे कोणी हजर नव्हते, वाद जमिनीचा होता. म्हणून अत्याचार कायद्याखालील आरोप रद्द झाला. इतर आरोपांचा खटला चालू राहिला. जमिनीचा वाद आणि जात हे दोन वेगळे विषय आहेत, असे शहरात बसून म्हणता येते. गावात जमीन कोणाकडे आहे आणि ती कोणाला मिळू द्यायची नाही, हे जातच ठरवते. आमच्या शेजारच्या भंडारा जिल्ह्यात खैरलांजी घडले. २००८ च्या निकालात खुनाची शिक्षा झाली, अत्याचार कायदा मात्र लागला नाही. गुन्हा उरतो आणि जात गळते, ती अशी.

आता अंतराचा विचार करा. दवनीवाड्याच्या मजुराला गोंदियाचे न्यायालय गाठतानाच रोजी बुडवावी लागते. आरोपी नागपूर खंडपीठात गेला की सव्वाशे किलोमीटरचा प्रवास, वकिलाची फी आणि तारखा आल्या. स्थगिती मिळाली की खालचा खटला थांबतो, आणि साक्षीदार मात्र त्याच गावात, त्याच मालकाच्या शेतावर राहतात. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २२३ ने तर फिर्यादीची दखल घेण्यापूर्वीच आरोपीला म्हणणे मांडण्याची संधी दिली आहे. म्हणजे उंबरठा आणखी एक पायरी उंच झाला.

अत्याचार कायद्याच्या कलम १५-अ ने पीडिताला सुनावणीची सूचना मिळण्याचा, जामीन व दोषमुक्तीच्या वेळी बोलण्याचा आणि प्रवासखर्चाचा हक्क दिला आहे. किती कार्यकर्ते तो लेखी मागतात? मोर्चा काढणाऱ्यांनी आता वकालतनाम्याचाही विचार करावा. आणि आपल्या समीक्षकांनी निकालपत्रे वाचायला घ्यावीत. त्यांत आपल्याविषयी बरेच लिहिले जात आहे.