हास्याचा आश्रय : ‘बर्सर्क’मधील स्वरपालट

केन्तारो मिउरा यांच्या ‘बर्सर्क’ या १९८९ पासून क्रमशः प्रसिद्ध झालेल्या चित्रकथेविषयी एक आक्षेप हमखास निघतो : इतक्या भीषण कथनात पक या चिमुकल्या एल्फच्या माकडचेष्टा कशासाठी? ‘वाचकाला विरंगुळा म्हणून’ हे त्याला दिले जाणारे उत्तर फारच सोपे आहे.

विरोधी रसांच्या परिहारासाठी आनंदवर्धनाने आश्रयभेदाचा मार्ग सुचवला आहे : असे रस भिन्न व्यक्तींच्या ठायी असावेत. मिउरा हा भेद रेषेतच करतात. गट्सचा चेहरा दाट, आडव्यातिडव्या रेघांनी कोरलेला. त्याच चौकटीत पक मात्र चार फटकाऱ्यांत उरकलेला, चेस्टनटसारख्या टोकदार डोक्याचा.

परंतु आरंभीच्या खंडांत पक नुसता हसवत नाही. त्याला दुसऱ्याच्या भावना जाणवतात. गट्स तेथे जवळजवळ तिरस्करणीय वाटतो. त्याच्या द्वेषाखालील वेदनेचा प्रत्यय वाचकाला येतो तो पकच्या द्वारा. म्हणजे हास्य आणि करुणा यांचा आश्रय येथे एकच आहे. आनंदवर्धनाच्या दृष्टीने हा दोषच. कथेचे बळ मात्र या दोषातच आहे.

तिसऱ्या खंडात कथन भूतकाळात शिरते आणि चौदाव्या खंडापर्यंत पक दिसत नाही. त्याची भेट अजून व्हायची आहे. थट्टा तेथेही आहे, पण ती छावणीतली, पुढे मरणाऱ्या माणसांची. म्हणूनच ग्रिफिथ आपल्या सोबत्यांचा बळी देतो तेव्हा वाचकाच्या वतीने कळवळणारा, घटनेबाहेरचा साक्षी कोणीच नसतो. त्या प्रसंगाची असह्यता मला रक्तपाताइतकीच या अभावातून आलेली वाटते.

उत्तरार्धात प्रवासी वाढतात आणि पक इसिद्रोबरोबरच्या प्रहसनात रमतो. चिलखताच्या उन्मादात हरवलेल्या गट्सच्या मनात शिरून त्याला परत आणण्याचे काम आता शीर्केकडे जाते. आश्रयभेद पूर्ण होतो, शास्त्रदृष्ट्या निर्दोषही. आणि स्वर सैल पडतो. हा हलकेपणा गट्सच्या माणसांत परतण्याचा निदर्शक आहे, असे समर्थन केले जाते. ते काही अंशी खरे आहे. मात्र हसणाराच कळवळत असे तेव्हाची अस्वस्थता येथे उरत नाही.

पुढे एल्फांच्याच बेटावर कास्काची हरपलेली शुद्ध शोधायला शीर्के आणि फार्नीज तिच्या स्वप्नात उतरतात. जखमी कुत्रा शवपेटी ओढत चालला आहे, पेटीत मोडकी बाहुली आहे. पक तेथे नाही.